हृदयावर लिहिलेला नियम : सॅम्युएल पुफेनडॉर्फ ह्यांचे चरित्र

आमच्या खेडोपाडीच्या उपदेशकांस चावडीवर अथवा बाजाराच्या दिवशी एक प्रश्न वारंवार ऐकावा लागतो. पवित्र शास्त्र ज्यांच्या कानी कधी पडलेच नाही, त्या लोकांस चोरी वाईट, खोटी साक्ष वाईट, हे कोणी शिकविले? पौलाने रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या दुसऱ्या अध्यायात ह्याचे उत्तर आहे, हे आमचे वाचक जाणतात. परंतु ह्याच प्रश्नाचा आयुष्यभर विचार करून, राजे, न्यायाधीश व विद्यापीठे ह्यांसही तो करावयास लावणारे एक पुरुष सतराव्या शतकात जर्मनीत होऊन गेले. ते एका खेडेगावच्या गरीब पाळकाचे चिरंजीव. त्यांचे नाव सॅम्युएल पुफेनडॉर्फ. त्यांचे चरित्र आज आम्ही वाचकांपुढे ठेवीत आहो.

पुफेनडॉर्फ ह्यांचा जन्म 8 जानेवारी 1632 रोजी सॅक्सनी प्रांतातील डॉर्फकेमनिट्झ नावाच्या डोंगराळ खेड्यात झाला. त्यांचे वडील लूथरपंथी मंडळीचे पाळक होते. घरात माणसे पुष्कळ आणि मिळकत थोडी. तो काळही मोठा कठीण होता. 1618 साली जर्मनीत जे युद्ध पेटले ते तीस वर्षे विझले नाही. त्यात राजकारण होतेच. परंतु कॅथलिक व प्रॉटेस्टंट असे ख्रिस्ताचे नाव घेणारे दोन पक्ष एकमेकांची गावे जाळीत होते. पुफेनडॉर्फ दहा महिन्यांचे असताना सॅक्सनीतच ल्युटझेन येथे मोठी लढाई होऊन स्वीडनचा राजा गुस्टाव्ह अडॉल्फ पडला. फौजा येत, धान्य व गुरे लुटून नेत, आणि मागे उपासमार व रोगराई ठेवून जात. 1648 साली तह झाला तेव्हा हा मुलगा सोळा वर्षांचा होता. धर्माचे नाव पुढे करून माणसे माणसांचे काय करितात, हे त्या पिढीस कोणी पुस्तकातून शिकविण्याची गरज नव्हती.

पाळकाच्या तुटपुंज्या मिळकतीत मुलांस उच्च शिक्षण देणे शक्य नव्हते. परंतु एका धनिक सरदाराने साहाय्य केले, आणि सॅम्युएल व त्यांचे वडील बंधू इसायास हे दोघे ग्रिमा येथील प्रसिद्ध शाळेत गेले. पुढे 1650 साली सॅम्युएल लाइपझिगच्या विद्यापीठात ईश्वरविज्ञान शिकू लागले. त्यांनी वडिलांप्रमाणे पाळक व्हावे असा घरचा मनोदय होता. परंतु तेथील शिक्षक जुन्या सूत्रांची घोकंपट्टी करीत व प्रतिपक्षाचे खंडन करण्यातच धन्यता मानीत. तरुण सॅम्युएल ह्यांचे मन त्यात रमले नाही. ते कायद्याच्या अभ्यासाकडे वळले. नंतर येना येथे एऱ्हार्ड वायगेल नावाचे गणिताचे अध्यापक त्यांस गुरू लाभले. गणितात जसे एका पायरीवरून दुसऱ्या पायरीवर जाता येते, तसे मनुष्याच्या कर्तव्यांविषयीही पायरी-पायरीने विचार करता येईल, असे वायगेल ह्यांचे मत होते. शिष्याने ही गोष्ट मनात धरली. त्यांनी वडिलांचा झगा घातला नाही. परंतु वडिलांचा देव त्यांनी सोडला नाही. हे भेद आमच्या तरुणांनी ध्यानात ठेवण्याजोगे आहेत.

शिक्षण संपले तरी सॅक्सनीत नोकरी मिळेना. तेव्हा स्वीडनच्या सेवेत असलेल्या वडील बंधूंच्या खटपटीने, 1658 साली डेन्मार्कची राजधानी कोपनहेगन येथील स्वीडनचे वकील कोयेट ह्यांच्या घरी मुलांचे शिक्षक म्हणून त्यांची नेमणूक झाली. परंतु तेथे पाऊल टाकले न टाकले तोच स्वीडनच्या राजाने डेन्मार्कवर पुन्हा युद्ध सुरू केले. डेन लोक संतापले आणि त्यांनी वकिलातीतील माणसांस पकडून अटकेत टाकिले. त्यांत हे शिक्षकही सापडले. ज्या युद्धाशी त्यांचा काही संबंध नव्हता त्यापायी त्यांस आठ महिने बंदिवास घडला.

बंदिवासात जवळ पुस्तके नव्हती. हॉलंडचे ह्यूगो ग्रोशियस आणि इंग्लंडचे थॉमस हॉब्ज ह्या दोघांचे ग्रंथ त्यांनी पूर्वी वाचिले होते, ते आठवून ते मनाशी विचार करीत बसत. राष्ट्राराष्ट्रांत भांडण लागले असता दोघांवरही बंधनकारक असा काही नियम आहे काय? एका राजाचा कायदा दुसऱ्या राजाच्या मुलखात चालत नाही. मग दोघांच्या वर कोण? अशा प्रश्नांवर त्यांनी तेथेच एका ग्रंथाची जुळवणी केली. सुटका झाल्यावर ते हॉलंडात गेले आणि 1660 साली हेग येथे तो ग्रंथ लॅटिन भाषेत छापून निघाला. त्यांनी तो ऱ्हाइन नदीकाठच्या पॅलेटिनेट प्रांताचे राजे कार्ल लुडविग ह्यांस अर्पण केला. त्या राजांनी 1661 साली त्यांस हायडेलबर्गच्या विद्यापीठात स्वाभाविक नियम व राष्ट्रांचा नियम शिकविण्याकरिता अध्यापक नेमिले. जर्मनीत ह्या विषयाचे हे पहिलेच आसन होय. बंदिखान्यातील आठ महिने असे कारणी लागले.

हायडेलबर्ग येथे 1665 साली त्यांचा विवाह झाला. तेथेच 1667 साली त्यांनी टोपणनावाने एक पुस्तक प्रसिद्ध करून जर्मन साम्राज्याची घडी किती विस्कटलेली आहे हे उघड केले. पुस्तक फार खपले आणि शत्रूही फार झाले. पुढच्याच वर्षी स्वीडनचे राजे अकरावे चार्ल्स ह्यांच्या बोलावण्यावरून ते लुंड येथील नव्या विद्यापीठात गेले. तेथे त्यांच्या हातून आयुष्यातील मुख्य कार्य घडले. 1672 साली स्वाभाविक नियम व राष्ट्रांचा नियम ह्यांवर आठ भागांचा मोठा ग्रंथ निघाला. आणि 1673 साली, विद्यार्थ्यांस सोपा पडावा म्हणून, त्याचा सारांश असे मनुष्याच्या व नागरिकाच्या कर्तव्यांवरील लहान पुस्तक निघाले. हे लहान पुस्तक पुढे शंभर वर्षे युरोपातील प्रॉटेस्टंट विद्यापीठांत विद्यार्थ्यांच्या हाती असे.

ह्या ग्रंथांत काय सांगितले आहे, ते आम्ही थोडक्यात देतो. मनुष्यास कर्तव्य शिकविणारे तीन झरे आहेत, असे पुफेनडॉर्फ म्हणत. पहिला झरा देवाने मनुष्यास दिलेली बुद्धी. दुसरा त्या त्या देशाच्या सरकारचा कायदा. तिसरा पवित्र शास्त्रातील देवाचे प्रकटीकरण. बुद्धीपासून कळणारा जो नियम तोच स्वाभाविक नियम. तो एका देशाचा नव्हे, एका जातीचा नव्हे, तर मनुष्य म्हणून जन्मास आलेल्या सर्वांचा आहे. पाप्याचे तारण कसे होते हे तो नियम सांगू शकत नाही. त्यासाठी शुभवर्तमानच पाहिजे. परंतु ह्या जगात एकमेकांशी कसे वागावे हे तो सर्वांस सांगतो.

हा नियम बुद्धीस कसा कळतो? पुफेनडॉर्फ म्हणत, मनुष्याकडे नीट पाहा. वासरू जन्मल्यावर थोड्याच वेळात उभे राहते. परंतु मनुष्याचे मूल वर्षानुवर्षे दुसऱ्याच्या हातावर वाढते. कोणाचेही साहाय्य नसलेला एकटा मनुष्य उघडा, कंदमुळे खाणारा व श्वापदांस भिणारा असाच राहिला असता. आमचे अन्न, वस्त्र, भाषा, विद्या, सर्व काही दुसऱ्या माणसांच्या श्रमाने आम्हांस मिळाले आहे. उलट, मनुष्यास क्रोध, लोभ व मत्सर हेही इतके आहेत की तो दुसऱ्याचे जितके वाईट करू शकतो तितके कोणतेही जनावर करू शकत नाही. ज्यास दुसऱ्याची इतकी गरज आहे आणि ज्याच्यापासून दुसऱ्यास इतके भय आहे, त्याने सलोख्याने राहिलेच पाहिजे. आणि मनुष्याची अशी घडण देवानेच केली असल्यामुळे, सलोख्याने राहणे ही केवळ सोय नव्हे, तर देवाची आज्ञा आहे.

ह्यावरून त्यांनी शेजाऱ्याविषयीची कर्तव्ये क्रमाने लाविली. पहिले कर्तव्य, कोणाचेही नुकसान करू नये. केल्यास ते भरून द्यावे. दुसरे कर्तव्य, प्रत्येक मनुष्यास आपल्या बरोबरीचा मानावे व तसे वागवावे. तिसरे कर्तव्य, जेथे होईल तेथे दुसऱ्याचे हित करावे. वचन पाळणे, खरे बोलणे वगैरे बाकीची त्यांच्यामागून येतात.

ह्यांतील दुसऱ्या कर्तव्यावर आम्ही वाचकांस क्षणभर थांबण्याची विनंती करितो. सर्व मनुष्ये समान आहेत असे हॉब्जही म्हणत असत; परंतु त्यांचे कारण वेगळे होते. दुबळ्यातला दुबळाही कपटाने बलवानाचा प्राण घेऊ शकतो, म्हणून सर्व समान, असे ते म्हणत. ही भीतीची समानता झाली. पुफेनडॉर्फ ह्यांनी दुसरा पाया घातला. एक बलवान असेल, दुसरा अशक्त. एक विद्वान असेल, दुसरा अडाणी. परंतु कर्तव्याचा भार दोघांवर सारखाच आहे. शक्ती अधिक म्हणून दुबळ्यास दुखविण्याची मोकळीक बलवानास मिळत नाही. जो नियम पाळण्याची मी दुसऱ्याकडून अपेक्षा करितो, तोच मी पाळिला पाहिजे. शिवाय सर्वांचे मूळ एक, सर्वांचा जन्म सारखा, सर्वांचे मरण सारखे. आणि देव कुळ पाहत नाही. मनुष्य हे नावच इतके मोठे आहे की, अपमान झालेला अगदी हलका गणलेला माणूसही, मी कुत्रा नव्हे, तुझ्यासारखाच मनुष्य आहे, असे उत्तर देतो, ही गोष्ट त्यांनी मुद्दाम लिहून ठेविली आहे. काही लोक जन्मतःच गुलाम होण्याकरिता घडविलेले असतात, हे ग्रीक तत्त्वज्ञ अॅरिस्टॉटल ह्यांचे मत त्यांनी साफ नाकारिले. युरोपीय लोक अमेरिकेतील मूळ रहिवाशांवर ज्या सबबींनी चढाई करीत, त्यांतील कित्येक सबबी न्यायाच्या नव्हेत, असेही त्यांनी दाखविले.

तिसऱ्या कर्तव्यात त्यांनी जुन्या ग्रंथकारांची उदाहरणे पुन्हा घेतली आहेत. वाहते पाणी कोणास घेऊ देणे, आपल्या विस्तवावरून दुसऱ्यास विस्तव पेटवू देणे, वाट चुकलेल्यास वाट दाखविणे, ह्यांत देणाऱ्याचे काही जात नाही आणि घेणाऱ्याचे मोठे काम होते. एवढेही जो करीत नाही, तो हलक्या मनाचा मनुष्य होय.

वाचकांस वाटेल, अशा शिकवणीस पाळकवर्गाने आनंदाने मान डोलविली असेल. तसे झाले नाही. लुंड येथेच बेकमान व श्वार्ट्झ नावाचे दोन अध्यापक त्यांच्याविरुद्ध उठले, आणि त्यांच्या ग्रंथांतील चुकांची एक लांबलचक यादी प्रसिद्ध झाली. लाइपझिगचे ईश्वरविज्ञानाचे अध्यापक आल्बर्टी हेही विरोधात उतरले. त्यांचे म्हणणे असे की, आदाम पापात पडण्यापूर्वीच्या निर्दोष स्थितीवरून नियम काढिला पाहिजे. केवळ बुद्धीवर भिस्त ठेवणे हे अधर्माचे आहे. पुफेनडॉर्फ ह्यांचे उत्तर सरळ होते. जो नियम सर्व राष्ट्रांवर बंधनकारक म्हणावयाचा, तो सर्व राष्ट्रांस कळला पाहिजे. चिनी किंवा मूर्तिपूजक ह्यांस आदामाची कथा ठाऊक नाही म्हणून त्यांनी करार मोडावा काय, अथवा आम्ही त्यांच्याशी केलेला करार मोडावा काय? ख्रिस्ती मनुष्य हा केवळ ख्रिस्ती मनुष्याशीच न्यायाने वागण्यास बांधलेला नाही.

ह्या वादात राजा पुफेनडॉर्फ ह्यांच्या बाजूस राहिला आणि बेकमान ह्यांस देश सोडावा लागला. परंतु येथे आम्हांस त्यांचा एक दोष सांगितला पाहिजे. त्यांची लेखणी फार तिखट होती. ज्यांनी प्रत्येक मनुष्यास मान द्यावा असे शिकविले, त्यांनीच आपल्या विरोधकांची अशी टर उडविली की, ती वाचून आजही वाईट वाटते. सत्य आपल्या बाजूस असले म्हणजे जीभ मोकळी सोडण्याची परवानगी मिळते असे नव्हे. हा मोह विद्वानांसच होतो असेही नाही; आमच्या पंचकमिट्यांतही तो होतो.

1676 साली डेन लोकांनी स्वारी केली आणि लुंडजवळच घनघोर लढाई झाली. पुढच्या वर्षी पुफेनडॉर्फ स्टॉकहोम येथे राजाचे इतिहासकार झाले, व बरीच वर्षे सरकारी दप्तरे चाळून त्यांनी स्वीडनचा इतिहास लिहिला. मध्यंतरी 1685 साली फ्रान्सचे राजे चौदावे लुई ह्यांनी आपल्या आजोबांनी दिलेला धर्मस्वातंत्र्याचा हुकूम रद्द केला. प्रॉटेस्टंटांची प्रार्थनामंदिरे पाडिली, पाळकांस देशाबाहेर घालविले, आणि घराघरांत शिपाई ठेवून लोकांस धर्म बदलावयास लाविले. लाखावर लोक घरदार टाकून निघून गेले. त्याच वर्षी ब्रँडेनबर्गचे राजे फ्रीड्रिख विल्हेल्म ह्यांनी ह्या निर्वासितांस आपल्या मुलखात आश्रय दिला.

दोन वर्षांनी, 1687 साली, पुफेनडॉर्फ ह्यांनी ख्रिस्ती धर्म व राज्य ह्यांच्या संबंधांवर एक पुस्तक लिहून ह्याच राजास अर्पण केले. त्यातील मुख्य विचार असा : माणसांनी राज्ये स्थापिली ती एकमेकांपासून जिवाचे व मालाचे रक्षण व्हावे म्हणून, देवाची भक्ती कशी करावी हे राजाने ठरवावे म्हणून नव्हे. भक्ती अंतःकरणातून होते, आणि अंतःकरणास तलवार लागू पडत नाही. मारून मुटकून वदविलेली कबुली ही श्रद्धा नव्हे. ती केवळ ढोंग वाढविते. ख्रिस्ताने आपल्या शिष्यांस शिकविण्यास पाठविले, राज्य करण्यास नव्हे. म्हणून मंडळी हे राज्य नव्हे, आणि पाळक हा हाकीम नव्हे. त्याच्या हाती शब्द आहे, दंडुका नाही. हे पुस्तक लिहिणारा मनुष्य तीस वर्षांच्या युद्धात वाढलेला होता, हे वाचकांनी विसरू नये.

1688 साली ते बर्लिन येथे ब्रँडेनबर्गच्या दरबारी गेले आणि अखेरपर्यंत तेथेच राहिले. लूथरपंथी व कॅल्व्हिनपंथी मंडळ्यांत ऐक्य कसे व्हावे, ह्यावर त्यांनी शेवटचा ग्रंथ लिहिला. तो त्यांच्या मृत्यूनंतर 1695 साली छापला गेला. 1694 साली स्वीडनच्या राजांनी त्यांस बॅरन ही पदवी दिली. त्या वर्षी ते स्टॉकहोमला जाऊन परतले ते आजारी होऊनच, आणि 26 ऑक्टोबर 1694 रोजी बर्लिन येथे निवर्तले. तेथील संत निकोलसच्या मंदिरात त्यांस पुरले आहे.

त्यांच्या मृत्यूनंतर हे बीज दूरवर गेले. फ्रान्समधून लहानपणी परागंदा झालेले प्रॉटेस्टंट पंडित झाँ बार्बेराक ह्यांनी 1706 व 1707 साली त्यांचे दोन्ही ग्रंथ टीपांसह फ्रेंच भाषेत आणिले. स्कॉटलंडात ग्लासगो येथे कारमायकेल ह्यांनी व त्यांच्यामागून हचिसन ह्यांनी त्यांच्या आधारे नीतिशास्त्र शिकविले. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स प्रांतातील इप्सविच गावच्या एका मंडळीचे पाळक जॉन वाइज ह्यांनी 1717 साली एक पुस्तक लिहिले. काही पुढारी पाळक गावोगावच्या मंडळ्यांवर वरिष्ठ सत्ता बसवू पाहत होते. वाइज ह्यांनी पुफेनडॉर्फ ह्यांस आपले मुख्य वाटाडे करून असे दाखविले की, मनुष्ये स्वभावतः समान आहेत, म्हणून लहानशा मंडळीलाही आपला कारभार आपण पाहण्याचा व आपला पाळक आपण निवडण्याचा अधिकार आहे. ह्याच न्यू इंग्लंडच्या मंडळ्यांनी 1810 साली परदेशी मिशनचे बोर्ड स्थापिले, आणि त्या बोर्डाचे मिशनरी हॉल व नॉट हे 1813 साली मुंबईस उतरले. त्यांच्या पेटीत पुफेनडॉर्फ ह्यांचे पुस्तक होते असे आम्ही म्हणत नाही. परंतु महाराष्ट्रातील त्या मिशनच्या मंडळ्यांत अक्षरशत्रू सभासदालाही मत देता येई, त्या चालीच्या मागे जे विचार उभे होते त्यांत सॅक्सनीच्या ह्या पाळकपुत्राचाही वाटा आहे.

पुफेनडॉर्फ ह्यांची दृष्टी सर्वत्र पोहोचली असे मात्र नाही. जन्मजात गुलामगिरी त्यांनी नाकारिली, तरी कराराने किंवा युद्धाने आलेली दास्यस्थिती त्यांनी मान्य केली. राजाच्या हाती त्यांनी मंडळीवर देखरेखीचा बराच अधिकार ठेविला. देवाचे अस्तित्व नाकारणाऱ्यांस त्यांनी सहिष्णुतेत जागा दिली नाही. जो नियम त्यांनी इतका स्पष्ट सांगितला, तो शेवटपर्यंत चालवून नेण्याचे काम त्यांनी पुढील पिढ्यांवर टाकिले.

ते काम आमच्याकडेही आले आहे. ज्यांच्या वाडवडिलांस वाहत्या ओढ्याचे व गावच्या विहिरीचे पाणी नाकारिले जात होते, असे आमचे पुष्कळ वाचक आहेत. पाणी नाकारणारे लोक केवळ शास्त्रवचनाविरुद्ध नव्हे, तर देवाने सर्वांच्याच बुद्धीत घातलेल्या नियमाविरुद्ध वागत होते, हे पुफेनडॉर्फ ह्यांच्या ग्रंथांवरून दिसते. म्हणून शास्त्र न मानणाऱ्या शेजाऱ्याशीही उपदेशकास ह्या विषयावर बोलता येते. त्याच्या अंतःकरणात साक्षीदार आधीच बसलेला आहे. परंतु तोच साक्षीदार आमच्याही अंतःकरणात आहे. आमच्या मंडळीत पूर्वीच्या जातीवरून कोणी मागे बसविला जात असेल, सोयरीक ठरविताना जुने कूळ विचारिले जात असेल, प्रभुभोजनाच्या वेळी कोणाच्या नंतर प्याला घ्यावा ह्याचा हिशेब होत असेल, तर तो साक्षीदार गप्प बसणार नाही. दुसऱ्याकडून आम्ही जो मान मागतो, तोच आम्ही दिला पाहिजे.

प्रभू आम्हांस तो नियम वाचण्यास दृष्टी व पाळण्यास बळ देवो.